रथाच्या वाटेनं: जळगावात संध्याकाळी मंदिरं आणि खाण्याच्या गल्ल्या कशा फिराव्यात

जळगावला उतरणारे बहुतेक पाहुणे अजिंठ्यासाठी आलेले असतात. लेणी इथून साधारण साठ किलोमीटर, आणि सोमवारी बंद. हे ठाऊक नसलेली माणसं रविवारी रात्री येतात आणि सोमवारी हॉटेलात पंख्याकडे बघत बसतात. मग कुणीतरी त्यांना माझ्याकडे धाडतं. "मावशी, गावात बघण्यासारखं काय आहे?" भरपूर आहे, पण ते मोटारीतून दिसत नाही. संध्याकाळी पायी, जुन्या गावात, बरोबर गावातलं माणूस घेऊनच ते बघावं लागतं.

मी जुन्या जळगावातली. उन्हाळ्यात पापड-बिबड्यांचा धंदा, आणि दिवाळीपासून होळीपर्यंत पाहुण्यांना फिरवायचं काम. त्यामुळे पुढचं सगळं फिरवणाऱ्या बाईच्या नजरेतून लिहिलंय. तुम्ही माझ्याबरोबर या नाहीतर दुसऱ्या कुणाबरोबर, पैसे आणि पाय वाया जाऊ नयेत एवढंच बघा.

पहिली गोष्ट वाटाड्याची. आपल्याकडे मोठ्या शहरांसारख्या फेऱ्या ठरलेल्या वेळेला सुटत नाहीत. हॉटेलवाला, रिक्षावाला नाहीतर ओळखीतलं कुणी नाव सुचवतं आणि फोनवर ठरतं. फोनवरच त्याला एक प्रश्न विचारा: "रथ गल्लीतून वळतो कसा?" ज्याला हे सांगता येतं त्याच्याबरोबर डोळे मिटून जा. जो "लई मोठा रथ असतो साहेब, लाखो लोक येतात" एवढ्यावर थांबतो, तो तुम्हाला सराफाच्या दुकानात नेऊन बसवणार हे नक्की समजा.

उत्तर काय, तेही सांगते. जुन्या जळगावच्या श्रीराम मंदिराचा रथ कार्तिक शुद्ध एकादशीला निघतो. अप्पा महाराजांनी १८७२ साली ही प्रथा सुरू केली. रथ लाकडी, उंच, माणसांनी दोरांनी ओढायचा. त्याला ना स्टिअरिंग ना ब्रेक. गल्ल्या तर अशा, की समोरासमोर दोन रिक्षा आल्या तर एकाला मागं जावं लागतं. हे धूड वळवतात ते मोगरीवाले. मोगरी म्हणजे लांब दांड्याचा जाड लाकडी ठोकळा. चाक फिरत असताना तो चाकापुढं सरकवायचा. डाव्या चाकाला लावला की डावी बाजू अडते, उजवी पुढं सरकते, आणि रथ डावीकडं वळतो. दोन्ही चाकांना लावला की रथ जागच्या जागी उभा. वरून फुलं, केळीचे खांब, लोकांचा जयघोष. खाली हा माणूस वाकलेला, नजर फक्त चाकाच्या लोखंडी धावेवर. माझे मोठे दीर मोगरी लावायचे. रथाच्या दिवशी मूर्तीकडं बघायला त्यांना वेळच मिळायचा नाही.

फिरायचं ते या रथाच्याच वाटेनं, हा माझा हट्ट आहे. कारण साधं आहे. रथ ज्या गल्ल्यांतून जातो तिथंच जुनी देवळं आहेत, जुना बाजार आहे, आणि बाजार तिथं खाणं आलंच. वेगळा नकाशा काढायची गरज नाही. रथाला सगळा फेरा मारायला दिवस जाऊन रात्र होते. तुमचं तीन तासांत उरकतं, खाण्यासकट.

दिवस कोणता? सगळ्यांत उत्तम म्हणजे कार्तिक शुद्ध प्रतिपदेपासून दशमीपर्यंतच्या संध्याकाळी, पाडवा-भाऊबीजेपासून पुढं. तेव्हा रथाच्या आधीचा वहनोत्सव चालू असतो. रोज वेगळं वहन निघतं: कधी घोडा, कधी हत्ती, कधी सिंह, गरुड, मारुती. गर्दी असते पण चेंगराचेंगरी नसते, आणि प्रत्येक दारात रांगोळी. खुद्द रथाच्या दिवशी मात्र कुणालाच फेरीसाठी बोलवू नका. त्या दिवशी एखाद्या ओळखीच्या ओट्यावर जागा धरायची आणि रथ येईपर्यंत हलायचं नाही.

वहनोत्सव हुकला तर थंडीतली कुठलीही संध्याकाळ चालेल. थंडीत साडेपाचला निघायचं, दिवेलागणीला पहिल्या देवळात. एप्रिल-मेमध्ये सातच्या आत बाहेर पडायचं नावच नको; आमचा उन्हाळा पंचेचाळीसच्या वर जातो आणि सूर्य बुडाला तरी फरशी तापलेलीच असते. देवळात अनवाणी उभं राहायचंय हे ध्यानात ठेवा. शनिवारी शनिपेठेतल्या शनिमंदिरात रांग असते. गर्दी सोसत असेल तर तोच वार धरा, नसेल तर टाळा. एकादशीला येऊ नका, निम्मं खाणं हुकेल. अजिंठा आणि ही फेरी एकाच दिवशी करणारे असतात. लेणी बघून परत येईपर्यंत पाय भरून आलेले असतात, मग तिसऱ्या देवळाबाहेर पायरीवर बसून "तुम्ही जाऊन या" म्हणतात. आदल्या संध्याकाळी फेरी, दुसऱ्या दिवशी लेणी, असाच क्रम ठेवा.

बूट घालू नका. दर शंभर-दोनशे पावलांवर पायतण काढायचं आहे. नाडीच्या बुटांनी तुमचाही जीव जातो आणि मागच्यांचाही. साधी चप्पल, ती पण जुनी. बायकांनी एक ओढणी नाहीतर स्टोल, पुरुषांनी मोठा रुमाल जवळ ठेवावा. पुढं भिलपुऱ्यात लागतो. पाण्याची बाटली, सुटे पैसे. गाडी मुक्कामाच्या जागीच राहू द्या आणि रिक्षानं या. दुपारचं जेवण हलकं करा पण कडकडीत उपाशी येऊ नका. उपाशी पोटी पहिलंच भजं तिखट लागतं आणि संध्याकाळ तिथंच संपते.

सहापेक्षा जास्त माणसं मी घेत नाही. जास्त झाली की मागचे दोघं फोन बघत चालतात आणि मला ओरडून बोलावं लागतं, देवळाच्या दारात ते बरं दिसत नाही.

सुरुवात राम मंदिरापासून. आधी बाहेर उभं राहून रथाची जागा बघा, मग आत या. ही वारकरी परंपरा आहे. आषाढीला पंढरपूरला जाणारी मुक्ताईच्या पादुकांची पालखीही याच संस्थानाची. आत आरती चालू असेल तर रांग तोडून पुढं घुसायचं नाही, जिथं आहात तिथंच हात जोडून उभं राहा. तीर्थ उजव्या हातावर घ्या, खाली डावा हात धरा. फोटो काढायचा असेल तर पुजाऱ्यांना विचारा. नाही म्हणाले तर नाही. चांगला वाटाड्या इथं बोलत नाही. सांगायचं ते बाहेर येऊन, ओट्यावर बसून सांगतो. जो गाभाऱ्यासमोर उभा राहून इतिहास सुरू करतो त्याला खुशाल थांबवा.

तिथून रथ चौकाकडे येताना चौधरी वाड्यावरून जायला सांगा. कवयित्री बहिणाबाई याच वाड्यात नांदल्या. जन्म आसोद्याचा, १८८० सालचा. आसोदा इथून हाकेच्या अंतरावर. रथ या बाजूनं जातो तेव्हा वळण किती अवघड आहे ते बघा, आणि मोगरीवाला कुठं उभा राहत असेल याचा अंदाज करा. पाहुण्यांना मी हे कोडं घालते. पोरंटोरं पटकन ओळखतात, मोठ्यांना वेळ लागतो.

रथ चौकातून सुभाष चौक, सराफ बाजार, दाणा बाजार हा सगळा भाग सलग. सराफ बाजारात जळगावच्या सोन्याचा चोखपणा तुम्हाला तिघं-चौघं तरी सांगतील. ऐकून घ्या, पुढं चला. खरेदी करायचीच असेल तर दुसऱ्या दिवशी सकाळी, पोट रिकामं आणि डोकं थंड असताना करा. फेरीत दुकानात शिरवणारा वाटाड्या तिथून काहीतरी घेतो, दुसरं कारण नसतं. भवानी मातेचं दर्शन मात्र चुकवू नका. बाजाराच्या मधोमध देऊळ आहे आणि दुकान वाढवून घरी निघालेला व्यापारी वाटेत क्षणभर थांबून हात जोडतो, घंटा वाजवतो, पायात चप्पल सरकवतो आणि जातो. मला ते बघायला फार आवडतं. दाणा बाजारात संध्याकाळी व्यवहार आटोपत आलेले असतात, पण मिरची-धण्याचा वास गल्लीभर राहतो. शिंक येते. येऊ द्या.

आता खाण्याकडे वळू, कारण इथवर येताना कुणीतरी दोनदा विचारलेलं असतंच.

नियम एकच: प्लेट एक, माणसं दोन. आपली खान्देशी माणसं आग्रहात कमी पडत नाहीत, वाढणारा हात आखडत नाही. पहिल्याच गाडीवर पोट भरलं तर भरीत बघून डोळ्यांत पाणी येईल, ते पण मिरचीमुळे नव्हे.

सुरुवात केळीच्या वेफर्सनं. पाकिटातले नाही, कढईतले. कढईसमोर उभं राहा आणि बघा. कच्चं सोललेलं केळं किसणीवर धरतात, किसणी थेट कढईवर, आणि चकत्या एकामागून एक तेलात उतरतात. हात एवढ्या जवळ नेऊन न भाजणं ही त्या माणसाची कमाई. चकत्या जरा कडक झाल्या की तो मिठाचं पाणी तेलात शिंपडतो. तडतड आवाज होतो, वाफ उसळते, पाहुणे दोन पावलं मागं सरतात. तो आवाज बसला की झारा घालायचा. असं केल्यानं मीठ प्रत्येक चकतीला सारखं लागतं, वरून भुरभुरलं तर लागत नाही. कागदात घ्या, लगेच खा. कांदा-लसूण न खाणाऱ्यांना आणि लहान मुलांना हे हमखास चालतं.

मग भेळभत्ता. मुंबईच्या भेळेची अपेक्षा घेऊन येऊ नका, गोड चटणी-बिटणी काही नाही. मुरमुरे, शेव, कांदा, आणि हिरवी मिरची. चालता चालता खायची गोष्ट आहे ही. गिलक्याची भजी दिसली तर थांबा. गिलकं म्हणजे घोसाळं. आत मऊ, वरून कुरकुरीत. तेलाचा रंग बघून गाडी निवडा: तेल चहासारखं काळसर झालं असेल तर पुढची गाडी. आणि ज्या गाडीवर आजूबाजूचे दुकानदार स्वतः उभे राहून खातात ती बरी. वाटाड्या तुमच्याबरोबर खातोय की नुसता उभा आहे, हेही बघा. मी जिथं खात नाही तिथं पाहुण्याला नेत नाही.

बसून खायचं ते एकच ठेवा: थंडी असेल तर भरीत, एरवी शेवभाजी. दोन्ही एका रात्री मागवणारे पुण्या-मुंबईचे वीर मी पाहिलेत, दुसऱ्या दिवशी त्यांना अजिंठ्याच्या पायऱ्या जड जातात.

भरिताबद्दल जरा सविस्तर सांगते, कारण बाहेर त्याच्या नावावर काहीही खपवतात. आमचं भरिताचं वांगं हिरवट-पांढुरकं, मोठं, बी कमी. त्याला भौगोलिक मानांकन मिळालंय. बामणोद, आसोदा या गावांचं वांगं म्हटलं की विकणाऱ्याची मान ताठ होते. भाजायचं कपाशीच्या वाळक्या काड्यांवर. गॅसवर भाजलेल्याला तो धुरकट वास येत नाही. साल काढली की लाकडी भांड्यात ठेचायचं, मिक्सरचा विचारही नको. मग तेलात ठेचलेली हिरवी मिरची-लसूण, शेंगदाणे, कांद्याची पात, कोथिंबीर. टोमॅटो नाही, हळद नाही. भरीत हिरवं दिसलं पाहिजे. लाल-पिवळं दिसलं तर उठा. बरोबर कळण्याची भाकरी घ्या, म्हणजे ज्वारी आणि उडीद एकत्र दळून केलेली, किंवा पुरी. बरीच घरं चातुर्मासात वांगं खात नाहीत आणि चंपाषष्ठीला खंडोबाला भरीत-भाकरीचा नैवेद्य दाखवून मग सुरू करतात. तिथून पुढं दोन-अडीच महिने गावात जिकडेतिकडे भरीत पार्ट्या. भाद्रपदात येऊन भरीत मागू नका. मिळेल, पण ते हे नव्हे.

शेवभाजीत बघायची गोष्ट शेव कधी पडते ती. जाड तिखट शेव रश्श्यात ताट वाढताना घालायची. आधीच घालून ठेवली की लगदा होतो. तिखटाचं सांगायचं तर "तिखट कमी करा" म्हणून उपयोग नाही, मसाला वाटणातच असतो. वरची तर्री बाजूला सारा, लिंबू पिळा, कांदा घ्या, भाकरी जास्त खा. एका पाहुण्यांनी वाढणाऱ्याला मोठ्या अदबीनं सांगितलं, "जिभाऊ, तर्री नको." त्यानं पळी हातात तशीच धरून विचारलं, "तर्री नको ते मंग शेवभाजी काबर खातस?" पाहुण्यांना शब्द कळले नाहीत, अर्थ कळला. तर्री घेतली.

जेवण झालं म्हणजे फेरी संपली असं नाही. रथाची वाट अजून बळीराम पेठ, शनिपेठ करत भिलपुऱ्यात जाते. तिथं मुस्लीम संत लालशा बाबांची समाधी आहे. रथ इथं थांबतो, समाधीवर फुलांची चादर चढवली जाते, मगच पुढं निघतो. दरवर्षी. डोक्यावर रुमाल, ओढणी घ्या, चपला बाहेर. बायकांनी कुठपर्यंत जायचं ते तिथल्या माणसांना विचारून घ्यावं. कुणी रागावत नाही, उलट सरकून जागा देतात. इथं पाहुणे कधीकधी वाटाड्याला विचारतात, "इकडे दंगे-बिंगे होत नाहीत का?" हा प्रश्न त्या गल्लीत उभं राहून विचारू नये. रात्री परतताना रिक्षात विचारा.

भिलपुऱ्यातून पुन्हा रथ चौक, आणि रथाप्रमाणे शेवट राम मंदिरापाशी. दमला असाल तर रथ चौकातच थांबा. इथं गोड: जिलेबी-रबडी, नाहीतर कुल्फी. हिवाळ्यातही कुल्फी मागणारे असतात, मिरचीनं पोळलेली जीभ ऋतू बघत नाही.

पैशाचं आधीच बोलून घ्या, आणि नेमकं बोला: वाटाड्याचे किती, त्यात खाणं धरलंय की वेगळं, रिक्षा कुणाची. मी खाणं वेगळं ठेवते, ज्याचं त्यानं द्यायचं. त्यामुळे कुणाला कुठं नेलं यात माझा फायदा-तोटा राहत नाही. सगळं मिळून एक रक्कम सांगणारा वाईट असतोच असं नाही, पण त्याला कुठल्या गाड्या, किती पदार्थ, हे विचारा. देवळात पुजाऱ्याच्या हातात वाटाड्याच्या सांगण्यावरून मोठी नोट ठेवायची गरज नाही. दानपेटी आहे, मनाला येईल ते टाका. शेवटी पाहुणे बक्षीस देऊ करतात, ते ज्याचं त्याच्यावर. मला विचाराल तर उन्हाळ्यात बिबड्यांची ऑर्डर द्या.

घरी न्यायला काय? भरिताचं पार्सल नेऊ नका. रात्रभर गाडीत राहिलं की तेल सुटतं आणि सोबतच्यांच्या सामानालाही वास लागतो. भाजीची शेव न्या. दुकानात मागताना "भाजीची" असा शब्द उच्चारायचा, नाहीतर बारीक शेव बांधून देईल, जी रश्श्यात पडल्या पडल्या विरघळते. पिशवी बॅगेत सगळ्यांत वर ठेवा. वेफर्स दुसऱ्या दिवशी सकाळी गाडीच्या आधी घ्या, गार झाल्यावर पिशवीचं तोंड बांधा. गरम असताना बांधले तर भुसावळ यायच्या आत ते मऊ पडतात.